वडील सतरा वर्षे पाणीपुरवठ्यात, तरी ‘तात्पुरते’च: कायम होण्यासाठी कोणत्या दारात जायचे?

तुमचा प्रश्न थोडक्यात असा. वडील जून २००८ पासून एका नगरपरिषदेत व्हॉल्व्हमन आहेत. मार्च २०१९ पर्यंत त्यांना परिषदेकडूनच रोजंदारी मिळायची, दर २९ दिवसांनी एक-दोन दिवसांचा ब्रेक देऊन नवा आदेश निघायचा. एप्रिल २०१९ पासून काम तेच, व्हॉल्व्ह तेच, पाणीपुरवठा अभियंताही तेच, पण पगार ठेकेदाराकडून येतो. बरोबर आणखी अकरा जण आहेत. एक वकील म्हणतात हायकोर्टात रिट याचिका टाका. दुसरे म्हणतात औद्योगिक न्यायालयात जा. आणि ऑफिसमधले बाबू म्हणतात, “उमादेवीचा निकाल आहे, कोणी कायम होत नाही.” खरे कोणाचे?

मी सत्तावीस वर्षे कामगारांच्या बाजूने औद्योगिक न्यायालयात उभा राहतो आहे. त्यात नगरपरिषदा, महापालिका आणि वनखात्याचे रोजंदार सर्वांत जास्त. तुमच्या प्रश्नात खरे तर दोन प्रश्न गुंतले आहेत. वडील कायम होण्यास पात्र आहेत का, हा एक. आणि ते नेमके कोणाचे नोकर आहेत, हा दुसरा. २०१९ नंतर दुसरा प्रश्न आधी सोडवल्याशिवाय पहिल्यापर्यंत पोहोचताच येत नाही. दोन वकिलांची मते वेगळी पडली, त्याचे कारणही बहुधा हेच.

आधी उमादेवीचे बघू, कारण तो निकाल न वाचता लोकांच्या तोंडावर फेकला जातो. सर्वोच्च न्यायालयाच्या पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने कर्नाटक सरकारच्या प्रकरणात १० एप्रिल २००६ रोजी तो दिला. सरकारी नोकरी सर्वांना खुली असली पाहिजे, जाहिरात आणि निवड टाळून मागच्या दाराने घेतलेल्या माणसाला केवळ बरीच वर्षे काम केले म्हणून हायकोर्टाने कायम करू नये, हे त्याचे मुख्य सूत्र. पण त्याच निकालात, परिच्छेद ५३ मध्ये, एक सवलत आहे. मंजूर आणि रिक्त पदावर, पात्रता असलेल्या माणसाने न्यायालयाच्या आदेशाच्या आधाराशिवाय दहा वर्षे किंवा जास्त काम केले असेल, आणि नेमणूक बेकायदा नसून फक्त अनियमित असेल, तर सरकारने एकदाच असे लोक तपासून त्यांना कायम करावे.

आता इथे बहुतेक जण फसतात. “दहा वर्षे झाली की कायम” असे वाक्य गावोगावी फिरते. ती दहा वर्षे १० एप्रिल २००६ या तारखेला पूर्ण झालेली हवी होती. २०१० च्या केसरी निकालाने एवढेच स्पष्ट केले की एखाद्या खात्याने ती तपासणी केलीच नसेल, तर त्या तारखेला पात्र असलेल्यांचा हक्क बुडत नाही. वडील २००८ चे आहेत. त्यामुळे परिच्छेद ५३ त्यांच्या उपयोगाचा नाही. कोणी त्याच मुद्द्यावर रिट बेतून फी मागत असेल, तर त्यांना ही तारीख जरूर विचारा.

मग बाबूचे खरे का? नाही. महाराष्ट्रातल्या कामगाराला एक वेगळे दार आहे. कामगार संघटनांना मान्यता आणि अनुचित कामगार प्रथांना प्रतिबंध यासाठीचा राज्याचा १९७१ चा कायदा, ज्याला आम्ही कोर्टात ‘एमआरटीयू पीयूएलपी’ म्हणतो, त्याच्या चौथ्या अनुसूचीत सहावी बाब आहे: कामगारांना बदली (म्हणजे दुसऱ्याच्या जागी), नैमित्तिक किंवा तात्पुरते म्हणून घ्यायचे, आणि कायम कामगाराचे हक्क मिळू नयेत या हेतूने वर्षानुवर्षे तसेच ठेवायचे. ही अनुचित कामगार प्रथा आहे, आणि ती सिद्ध झाली तर औद्योगिक न्यायालय ती थांबवायला, म्हणजेच कायम करायला सांगू शकते. उमादेवीनंतर हा अधिकार उरला का, हा वाद सर्वोच्च न्यायालयात गेला तो आपल्या एसटीच्याच प्रकरणात. आगारांत गाड्या झाडणाऱ्या-धुणाऱ्या कामगारांसाठी कास्ट्राईब राज्य परिवहन कर्मचारी संघटना लढत होती. ऑगस्ट २००९ मध्ये न्यायालयाने सांगितले की उमादेवीने हायकोर्टाच्या रिट अधिकाराला लगाम घातला आहे, औद्योगिक न्यायालयाच्या या कायद्यातल्या अधिकाराला नाही. अट एकच, पदे अस्तित्वात हवीत.

‘हेतू’ कसा सिद्ध करायचा, हे लोक फार विचारतात. साहेब काही लिहून देत नाहीत की आम्ही तुमचे हक्क मारण्यासाठी तुम्हाला तात्पुरते ठेवले. त्याचे उत्तर १९९५ च्या कोंढरे निकालात आहे. पुण्याच्या पाचगाव पर्वतीवर सामाजिक वनीकरणाचे काम करणाऱ्या मजुरांचे ते प्रकरण. पाच-सहा वर्षे सलग तात्पुरते ठेवले यावरूनच हेतू दिसतो, असे न्यायालयाने मानले. वडिलांचे २९ दिवसांचे आदेश तर त्याहून बोलके आहेत. नळाला पाणी रोज लागते, गावाला तिसाव्या दिवशी तहान लागत नाही असे नाही. त्या ब्रेकच्या दिवशी व्हॉल्व्ह कोण फिरवत होते, हे नक्की विचारून घ्या. माझ्या अनुभवात उत्तर बहुतेक वेळा एकच असते: तेच फिरवत होते, फक्त हजेरीपटावर त्या दिवशी पत्नीचे किंवा भावाचे नाव लावले होते.

२४० दिवसांबद्दलही गैरसमज आहे. वर्षात २४० दिवस भरले म्हणजे माणूस कायम झाला, असे नाही. २४० दिवसांनी मुख्यतः संरक्षण मिळते: काढायचे तर महिन्याची नोटीस किंवा तिचा पगार, आणि प्रत्येक वर्षामागे पंधरा दिवसांच्या पगाराची भरपाई. आदर्श स्थायी आदेशांत, म्हणजे नोकरीच्या अटींच्या सरकारी नमुना नियमांत, २४० दिवसांनंतर कायम करण्याचे कलम होते, पण नगरपरिषदांच्या बाबतीत मंजूर रिक्त पद नसेल तर ते कलम चालत नाही, असे मुंबई हायकोर्टाच्या नागपूर खंडपीठाने २०१६ मध्ये तिरोडा नगरपरिषदेच्या प्रकरणात सांगितले. तरीही दिवस मोजाच. २९ दिवसांचे बारा आदेश म्हणजे ३४८ दिवस, त्यातून पन्नासेक रविवार काढले तरी तीनशेच्या आसपास उरतात. म्हणजे ब्रेक देऊनही परिषदेला २४० च्या खाली आणता आलेले नाही.

थोडक्यात, वर्षे कितीही असोत, गाडी येऊन थांबते ती मंजूर पदापाशी. हे कुठे मिळते? प्रत्येक नगरपरिषदेचा सरकारने मंजूर केलेला आकृतिबंध असतो. त्यात व्हॉल्व्हमनची किती पदे, किती भरलेली, किती रिक्त, हे लिहिलेले असते. माहितीच्या अधिकारात तीन गोष्टी मागा: २००८ पासून आजपर्यंतचा आकृतिबंध आणि त्यातले बदल, दरवर्षीची रिक्त पदांची स्थिती, आणि रोजंदार घेण्याविषयी सर्वसाधारण सभेचे ठराव. बरोबर स्थानिक निधी लेखापरीक्षेचे अहवालही मागा. लेखापरीक्षक बहुधा आक्षेप नोंदवतात की अमुक इतके रोजंदार मंजुरीविना कामावर आहेत. परिषद कोर्टात “हे आमचे नव्हतेच” म्हणते, तेव्हा तिच्याच लेखापरीक्षणातला हा आक्षेप वाचून दाखवता येतो. मात्र तो दुधारी आहे. ‘मंजुरीविना’ हा शब्द समोरचा वकीलही उचलतो. म्हणून अहवाल एकटा जोडू नका, आकृतिबंधाबरोबरच जोडा.

पद मंजूरच नसेल तर? काही वर्षांपूर्वी मी सरळ सांगितले असते की आशा कमी. आता चित्र थोडे बदलले आहे. २० डिसेंबर २०२४ च्या जग्गो निकालात केंद्रीय जल आयोगात वर्षानुवर्षे झाडलोट आणि बागकाम करणाऱ्यांना सर्वोच्च न्यायालयाने कामावर घेऊन कायम करायला लावले, आणि उमादेवीचा आधार कामगारांना नाकारण्यासाठी चुकीचा घेतला जातो, हेही सांगितले. ३१ जानेवारी २०२५ ला श्रीपाल प्रकरणात गाझियाबाद महापालिकेच्या माळ्यांना कामावर परत घेण्याचा आणि निम्म्या मागील पगाराचा आदेश झाला. १९ ऑगस्ट २०२५ च्या धरम सिंग निकालात न्यायालय आणखी पुढे गेले: कायमस्वरूपी काम वर्षानुवर्षे करून घ्यायचे आणि पैसे नाहीत म्हणून पदे मंजूर करायची नाहीत, हे सरकारला शोभत नाही, गरज पडल्यास अधिसंख्य, म्हणजे मंजूर संख्येपेक्षा जास्तीची, पदे निर्माण करा. हे तीनही निकाल दोन न्यायमूर्तींच्या पीठांचे आहेत आणि उमादेवी पाच न्यायमूर्तींचा, ही गोष्ट समोरचा वकील पहिल्याच दिवशी सांगेल. त्यामुळे यांचा उपयोग जरूर करा, पण केवळ यांच्यावर विसंबू नका.

आता २०१९ कडे येऊ. तुमच्या प्रकरणातली खरी गाठ इथे आहे. ठेकेदार आल्यापासून परिषद म्हणणार, “हे आमचे कामगारच नाहीत.” आणि एकदा मालक-नोकर हे नातेच वादात सापडले की एमआरटीयू पीयूएलपी कायद्याखाली थेट तक्रार टिकत नाही. आधी ते नाते औद्योगिक न्यायाधिकरणात, म्हणजे मालक-कामगार वाद साक्षीपुरावा घेऊन निवाडणाऱ्या मंचात, सिद्ध करून आणा, असे सर्वोच्च न्यायालयाने २००१ मध्ये कल्याणी स्टील्स आणि सिप्ला या दोन प्रकरणांत ठरवले आहे. त्याच वर्षी स्टील अथॉरिटीच्या निकालात हेही ठरले की ठेका बंद झाला म्हणून ठेका कामगार आपोआप मूळ मालकाचे होत नाहीत. पण ठेका हा नुसता देखावा असेल, ठेकेदार फक्त पगार वाटणारा असेल आणि कामावर ताबा परिषदेचाच असेल, तर न्यायाधिकरण त्या कामगारांना परिषदेचेच मानू शकते.

हे कागदावरच राहते असे समजू नका. मुंबई महापालिकेच्या कचरा वाहतुकीतले कामगार ठेकेदारांच्या नावावर होते. कचरा वाहतूक श्रमिक संघाने त्यांचा वाद न्यायाधिकरणात नेला, २०१४ मध्ये त्यांच्या बाजूने निवाडा झाला, आणि एप्रिल २०१७ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तो कायम ठेवला. सुमारे २७०० सफाई कामगारांचा तो विजय होता. त्या निवाड्याची प्रत मी आजही फाईलमध्ये वर ठेवतो, कारण तुमच्यासारख्या प्रकरणात रस्ता कसा आखायचा हे त्यातून शिकायला मिळते.

म्हणून माझे मत असे. तुमच्या वडिलांनी एकट्याने रिट टाकू नये. ते परिषदेचे की ठेकेदाराचे, हे साक्षीपुराव्याशिवाय ठरत नाही, आणि असा वाद रिटमध्ये हायकोर्ट बहुधा हाताळत नाही. वर्ष-दीड वर्षाने “योग्य न्यायालयात जा” असा आदेश घेऊन परतलेले कितीतरी लोक माझ्याकडे येतात. एकट्याने औद्योगिक न्यायालयात तक्रार केली, तर सिप्लाची आडकाठी येईल. शिवाय त्या कायद्यात घटना घडल्यापासून ९० दिवसांची मुदत आहे. वर्षानुवर्षे तात्पुरते ठेवणे ही रोज घडणारी गोष्ट आहे असे म्हणता येते, पण २०१९ मध्ये थेट नोकरी संपली आणि सहा वर्षे गप्प का बसलात, हा प्रश्न येणारच.

बाराही जणांनी मिळून, एखाद्या नोंदणीकृत युनियनमार्फत, औद्योगिक वाद उभा करावा. कायम करण्याची मागणी हा सामूहिक वाद असतो. एकट्या माणसाला स्वतःच्या नावाने जो वाद नेता येतो, तो कामावरून काढल्याचा. मागणीपत्र आधी मुख्याधिकाऱ्यांना द्या, पोच घ्या. त्यात दोन मुख्य मुद्दे ठेवा: ठेका देखावा आहे, आम्ही २००८ पासून परिषदेचेच कामगार आहोत, आणि म्हणून मंजूर रिक्त पदांवर आम्हाला कायम करा. नकार आला किंवा उत्तरच आले नाही, की सहायक कामगार आयुक्तांच्या कार्यालयात समेटासाठी जा.

२१ नोव्हेंबर २०२५ पासून नव्या कामगार संहिता लागू झाल्या आहेत, त्यामुळे तारखा जपा. पूर्वी समेट फिसकटल्यावर सरकारने वाद न्यायाधिकरणाकडे पाठवायची वाट पाहावी लागे. औद्योगिक संबंध संहितेत समेटाचा अहवाल मिळाल्यापासून ९० दिवसांत थेट न्यायाधिकरणात अर्ज करता येतो. पण वाद उद्भवून दोन वर्षे उलटली की समेटाची कार्यवाहीच घेता येत नाही. म्हणून मागणी आणि नकार दोन्ही तारखेनिशी कागदावर हवेत. जुन्या काळातले प्रकरण जुन्या कायद्याखाली न्यायचे की नव्या, हे तुमच्या वकिलाने अर्ज करतेवेळी कायदा पाहूनच ठरवावे. वर्षानुवर्षे तात्पुरते ठेवणे ही प्रथा नव्या संहितेच्या अनुचित प्रथांच्या यादीतही आहे. पाणीपुरवठा हा ‘उद्योग’ आहे का, यावर मात्र फार घाबरू नका. नागपूर महापालिकेच्या १९६० च्या खटल्यापासून तो उद्योग मानला गेला आहे.

आता पुरावा. २४० दिवस काम केले हे सिद्ध करण्याची जबाबदारी कामगाराची, नुसते शपथपत्र पुरत नाही, हे २००२ च्या हदिमनी निकालात आले. २००५ च्या येल्लट्टी निकालाने थोडा आधार दिला: कामगाराने स्वतःकडचे असेल ते दाखल करावे, हजेरीपट हजर करायला मालकाला सांगावे, आणि त्याने ते दडवले तर न्यायालय परिस्थिती पाहून त्याचा अर्थ लावू शकते.

एका व्हॉल्व्हमनचे प्रकरण माझ्याकडे होते, नाव घेत नाही. त्यांच्याकडे एकही नेमणूकपत्र नव्हते. परिषदेने जुने मस्टर ‘जीर्ण झाल्याने नष्ट केले’ असे लिहून दिले. मी जवळजवळ हात टेकले होते. मग त्यांच्या पत्नी एक पिशवी घेऊन आल्या. तिच्यात मुलाच्या शाळेच्या अकरा जुन्या वह्या होत्या. एका बाजूला मुलाचे गणित, आणि उलट बाजूने वडिलांची नोंद: कोणत्या प्रभागाचा व्हॉल्व्ह किती वाजता उघडला, किती वाजता बंद केला, टाकीची पातळी किती फूट, लाईट कधी गेली. महिन्यातून एक-दोन ठिकाणी कनिष्ठ अभियंत्याची सही, कारण पाणी उशिरा आल्याची तक्रार झाली की साहेब तीच वही तपासायचे. उलटतपासणीत परिषदेच्या अभियंत्याला मी एक पान दाखवले आणि विचारले, ही सही कोणाची? ते बराच वेळ पान बघत राहिले. मग म्हणाले, माझी. त्या एका शब्दाने सहा वर्षांचे काम सिद्ध झाले.

वडिलांकडे अशी वही असेलच असे नाही, पण काहीतरी असते. टाकीवरचे लॉग बुक, ठेकेदाराच्या माणसाला नव्हे तर त्यांना थेट आलेले अभियंत्याचे व्हॉट्सअ‍ॅप संदेश, निवडणुकीच्या ड्युटीचे पत्र, परिषदेने दिलेले ओळखपत्र किंवा रेनकोटची पावती, २०१९ पूर्वीच्या पगाराच्या व्हाउचरची झेरॉक्स, पीएफचे पासबुक. पासबुकात २०१९ नंतर तीन ठेकेदार बदलले आणि वडील मात्र तेच राहिले, असे दिसत असेल, तर ठेका देखावा असल्याचा तो चांगला पुरावा आहे. मूळ कागद कोणालाही देऊ नका, युनियनच्या पुढाऱ्यालाही नाही, आणि वकिलालाही पोच घेतल्याशिवाय नाही.

यात किती काळ जाईल? माझ्या अनुभवात न्यायाधिकरणात चार ते सहा वर्षे, आणि बाजूने निकाल लागला तर परिषद हायकोर्टात जाणारच, म्हणजे आणखी दोन-तीन. वडील एक्कावन्न वर्षांचे आहेत. निकाल अनेकदा मागणीच्या किंवा दाव्याच्या तारखेपासून लाभ देतो, २००८ पासून नाही. त्यामुळे प्रत्येक महिन्याचा उशीर पेन्शनसाठी धरल्या जाणाऱ्या सेवेतून वजा होतो. जुनी पेन्शन मिळेल, असे कोणी सांगत असेल तर विश्वास ठेवू नका. राज्यात १ नोव्हेंबर २००५ नंतर नेमलेल्यांना ती योजना साधारणपणे लागू नाही.

काही गोष्टींसाठी मात्र कायम होण्याची वाट पाहायची गरज नाही. किमान वेतन, पीएफ आणि पाच वर्षांवरच्या सेवेची ग्रॅच्युइटी तात्पुरत्यालाही मिळते. पंजाब सरकार विरुद्ध जगजित सिंग या २६ ऑक्टोबर २०१६ च्या निकालाने समान काम करणाऱ्या तात्पुरत्यांना नियमित पदाच्या किमान वेतनश्रेणीचा हक्क दिला आहे. तो दावाही मागणीपत्रात पर्यायी म्हणून घाला. कायम करण्याचा मुद्दा पदाअभावी अडला, तरी पगाराचा मुद्दा जिवंत राहतो.

वाद दाखल झाला की “आता यांना काढून टाका” असा सूर निघतो. समेट किंवा न्यायाधिकरणापुढे वाद चालू असताना त्या वादाशी संबंधित नोकरीच्या अटी कामगाराच्या तोट्याच्या होतील अशा बदलता येत नाहीत, हे संरक्षण आहे. पण ते वाद दाखल झाल्यावरच लागू होते. नवा ठेका बहुधा १ एप्रिलला लागतो, आणि माणसे बदलायची तर तेव्हाच बदलतात. म्हणून मागणीपत्र फेब्रुवारीत गेले पाहिजे, मार्चअखेरीस नाही.

पुढे नेमके सांगण्यासाठी मला तुमच्याकडून तीन गोष्टी हव्यात. एप्रिल २०१९ मध्ये वडिलांकडून कोणत्या कागदावर सही घेतली होती, विशेषतः ‘माझी काही मागणी नाही’ अशा मजकुराच्या? त्या वेळी परिषदेने ग्रॅच्युइटी किंवा भरपाई म्हणून काही रक्कम दिली होती का? आणि बाकीच्या अकरा जणांपैकी किती जण २०१९ आधी परिषदेच्या थेट रोजंदारीवर होते? पहिल्या प्रश्नाचे उत्तर ‘हो’ असेल तर तो कागद, निदान त्याचा फोटो, आधी मिळवा. मागणीपत्राचा मसुदा तो वाचल्यावरच करू.